गिरमीट : भोक पाडणाऱ्या एका शब्दाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

माझा भाचा सातवीत आहे. मागच्या वर्षी वहीत ‘गिरमीट म्हणजे काय?’ असा प्रश्न होता. त्यानं उत्तर लिहिलं, ‘भोक पाडायचं हत्यार.’ त्यावर लाल फुली पडली. विषय परदेशी गेलेल्या मजुरांचा होता, त्यामुळं अपेक्षित उत्तर ‘करार’ असं होतं. पोरगं रडकुंडीला येऊन माझ्याकडं आलं, कारण तो अर्थ त्याला मीच सांगितला होता.

आमचं घर सुतारांचं. आजोबांचं सुतारमेट होतं, वडील कोल्हापुरात उद्यमनगरला लेथवर लागले आणि मी ड्रिलिंग मशीनवर आहे. भोकं पाडण्यातच तीन पिढ्या गेल्या. त्या लाल फुलीनंतर घरी, कारखान्यात, चहाच्या गाड्यावर या शब्दाबद्दल मला जे जे विचारलं गेलं, त्याची उत्तरं इथं एकत्र लिहून ठेवली आहेत.

गिरमीट म्हणजे नेमकं काय?

लाकडाला हातानं भोक पाडायचं हत्यार. एक लोखंडी दांडी, तिच्या टोकाला मळसूत्रासारखे बारीक आटे, त्याच्यावर पिळाची खाच आणि सगळ्यात वर आडवी लाकडी मूठ. मूठ दोन्ही हातांनी किंवा एका हातानं धरायची आणि घड्याळाच्या काट्यासारखी फिरवायची.

आजोबांच्या गिरमिटाची मूठ बाभळीची होती. तळहात घासून घासून ती मधोमध बारीक झाली होती आणि तिला जुन्या जात्याच्या खुंट्यासारखी तकाकी आली होती. त्या गिरमिटाची खुबी त्याच्या टोकात होती. टोकाचे आटे लाकडात शिरतात आणि बाकीच्या दांडीला आपल्यामागं ओढून घेतात. त्यामुळं वरून छातीचा जोर द्यावा लागत नाही, नुसतं फिरवत राहायचं. पिळाच्या खाचेतून लाकडाचा कीस वळ्या वळ्या होऊन वर येतो. सागाचा कीस हातात घेऊन हुंगला तर तेलकट, उग्र वास येतो. तो वास मला अजून आजोबांचाच वाटतो.

दाराच्या चौकटीला कडी बसवायची, बाजेचे गाते जोडायचे, जुवाला शिवळा घालायच्या, अशा प्रत्येक कामाची सुरुवात गिरमिटानं व्हायची.

हा शब्द मराठी आहे का? आला कुठून?

मूळचा मराठी नाही. इंग्रजीत या हत्याराला ‘गिमलेट’ म्हणतात, त्याचंच आपल्याकडं गिरमीट झालं. इंग्रजांच्या काळात रेल्वे, गोदी, बांधकाम अशा ठिकाणी विलायती हत्यारं आली आणि हत्यारांबरोबर त्यांची नावंही आपल्या कारागिरांच्या तोंडात बसली.

पण गिमलेट तरी इंग्रजांच्या घरचा कुठाय? त्यांच्याकडं तो नॉर्मन फ्रेंचमधून आला, तिथं त्याचं रूप ‘गिंबलेट’सारखं होतं. फ्रेंचांनी तो घेतला जुन्या डच भाषेतून. डचांकडं भोक पाडायच्या हत्याराला ‘विमेल’ म्हणत आणि लहानशा विमेलला ‘विमेलकिन’. आपण लोटा-लोटी म्हणताना लहान-मोठेपणा जसा शब्दातच दाखवतो, तसंच ते ‘किन’.

याच विमेलकिनपासून फ्रेंचांनी आणखी एक शब्द केला, ‘व्हिलब्रकँ’. आधी तो हातानं फिरवायच्या, मध्ये वाकवलेल्या दांडीच्या ड्रिलला म्हणत. पुढं इंजिनं आली. त्यातली तशीच वाकड्या-तिकड्या आकाराची फिरणारी दांडी पाहून तिलाही फ्रेंच लोक तेच नाव देऊ लागले. ती दांडी म्हणजे आपला क्रँकशाफ्ट. शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या कारखान्यांत रोज ज्या क्रँकशाफ्टवर हात फिरतो, त्याचं फ्रेंच नाव आणि आमच्या आजोबांच्या गिरमिटाचं नाव एकाच मुळातून निघालं आहे. हे कळलं तेव्हा मी मशीन बंद करून शेजारच्या मिस्त्रींना सांगायला गेलो होतो.

गिमलेटचं ‘गिरमीट’ कसं झालं? त्यात ‘र’ कुठून आला?

‘ल’चा ‘र’ झाला आणि तो ‘म’च्या अलीकडं येऊन बसला. दोन्ही गोष्टी आपल्या जिभेला नेहमीच्या आहेत. र आणि ल एकमेकांच्या जागी येतात हे जुन्या संस्कृत पंडितांनाही माहीत होतं, ‘रलयोरभेदः’ असं ते म्हणून ठेवतात. आणि अक्षरांची जागा बदलणं तर गावोगाव चालतं. मतलबचं मतबल होतं, नुकसानचं नुस्कान होतं. कुणी याला अडाणीपणा म्हणतं. मला ते पटत नाही. परका शब्द रोज दहा वेळा तोंडात घोळला की तो असाच गुळगुळीत होतो, नदीतल्या गोट्यासारखा.

मग फिजी, आफ्रिकेला गेलेल्या मजुरांचं ‘गिरमीट’ ते कुठलं?

ते वेगळं. त्याचं मूळ इंग्रजी ‘ॲग्रीमेंट’ या शब्दात आहे.

ब्रिटिश साम्राज्यात गुलामगिरी कायद्यानं बंद झाल्यावर उसाच्या मळ्यांना माणसं कमी पडू लागली. मग हिंदुस्थानातून पाच-पाच वर्षांच्या करारावर मजूर न्यायला सुरुवात झाली. मॉरिशसला अशा मजुरांचं पहिलं जहाज २ नोव्हेंबर १८३४ रोजी पोहोचलं. दक्षिण आफ्रिकेत नाताळ या वसाहतीत १६ नोव्हेंबर १८६० रोजी ‘ट्रुरो’ हे जहाज लागलं. फिजीला १४ मे १८७९ रोजी ‘लिओनिडास’ आलं, आणि पुढं १९१६ पर्यंत एकट्या फिजीत ६०,००० हून जास्त माणसं गेली.

कागदावर अंगठा उठवायचा, त्या कागदाला साहेब ॲग्रीमेंट म्हणायचा. बिहार, अवधकडच्या भोजपुरी-अवधी बोलणाऱ्या माणसांनी पुढचा ‘ॲ’ सोडून दिला आणि उरलेल्याचं गिरमीट केलं. ‘ग्र’चा ‘गिर’ कसा झाला हे आपल्याला परकं वाटायला नको. ग्राहकचं गिऱ्हाईक आपणही केलंच आहे. करारावर गेलेला तो गिरमिटिया. गांधीजींनी आत्मकथेत हा शब्द ‘ॲग्रीमेंट’वरून आल्याचं स्वतः सांगितलं आहे. नाताळमध्ये त्यांच्याकडं आलेल्या अशा मजुरांचं दुःख त्यांनी जवळून पाहिलं होतं.

हा इतिहास आपल्यापासून लांबचा नाही. मॉरिशसला गेलेल्यांत कोकण आणि दक्षिण महाराष्ट्रातली माणसंही होती, ती मुंबई बंदरातून गेली. त्यांच्या पुढच्या पिढ्या तिथं अजून गणपती बसवतात. फिजीत १४ मे हा गिरमीट दिन म्हणून पाळतात. त्यामुळं वर्गात गिरमिटाचा हा अर्थ शिकवलाच पाहिजे. माझं म्हणणं एवढंच की तो शिकवताना दुसऱ्या अर्थावर फुली मारू नये.

पण दोन्ही गिरमिटांचा काही तरी संबंध असेलच ना?

नाही. ‘करारानं माणसाला आतून पोखरलं म्हणून त्याला गिरमीट म्हणाले’ असं मला दोघा-तिघांनी सांगितलं. ऐकायला मन हलतं, पण तसं घडलेलं नाही. दोन वेगवेगळे इंग्रजी शब्द दोन वेगवेगळ्या वाटांनी आले आणि आपल्या उच्चाराच्या एकाच साच्यातून बाहेर पडले. एक सुताराच्या पेटीतून, दुसरा जहाजाच्या धक्क्यावरून. मराठीत ‘हार’ गळ्यातलाही आहे आणि खेळातलाही, तशातली गत.

हुबळी-धारवाडला मिळतं ते गिरमीट?

तो खायचा पदार्थ. चिरमुरे, बारीक चिरलेला कांदा-टोमॅटो, चिंच-गुळाचा फोडणी दिलेला मसाला, वर फुटाण्याच्या डाळीचं पीठ आणि शेव, सोबत गरम मिरची भजी. आपल्या भडंगापेक्षा ओलसर असतं आणि लगेच खावं लागतं. बेळगावकडं कामाला जाणारी कोल्हापूरची माणसं ते आवडीनं खातात. नाव एक, गोष्ट तिसरी.

गिरमीट यायच्या आधी आपले सुतार भोकं कशानं पाडत होते?

सामत्यानं. सामता हा आपला जुना शब्द. एक सरळ दांडी, तिच्या टोकाला चपटं लोखंडी पातं, आणि दांडीभोवती वेढा घेतलेली कमानीची दोरी. एका हातानं दांडी वरून दाबून धरायची, दुसऱ्या हातानं कमान पुढं-मागं ओढायची. दांडी एकदा उजवीकडं, एकदा डावीकडं गरगरते आणि पातं दोन्ही फेऱ्यांत लाकूड खरवडतं. म्हणून त्याचं पातं दोन्ही बाजूंनी धार लावलेलं असतं. गिरमिटाला मात्र एकच दिशा, उलटं फिरवलं की ते बाहेर येतं.

कमानीनं भोक पाडायची ही रीत किती जुनी आहे ते कळलं की थक्क व्हायला होतं. बलुचिस्तानात मेहरगढ इथं साडेसात ते नऊ हजार वर्षांपूर्वीच्या माणसांचे दात सापडले, त्यातल्या अकरा दाढांना गारगोटीच्या टोकानं पाडलेली भोकं होती. जिवंत माणसांच्या दाढा, कारण भोकांच्या कडा नंतर चावून चावून झिजलेल्या दिसतात. हे संशोधन २००६ साली प्रसिद्ध झालं. अभ्यासकांच्या मते मणी विंधणाऱ्या कारागिरांचंच ते कसब असावं. पुढं सिंधू संस्कृतीतल्या लोकांनी कार्नेलियन या लालसर दगडाच्या लांबलचक मण्यांना दोन्ही टोकांकडून भोकं पाडून मधोमध अचूक मिळवली. आम्ही आज मोजमाप आकड्यांत दाखवणारा डिजिटल रीडआउट लावून दोन बाजूंनी ड्रिल करतो तेव्हाही मधे जोड चुकायची भीती असते.

सामता, गिरमीट, बर्मा, आरी, दाभण, सुंबा, टोचा यात फरक काय?

सामता आणि गिरमीट वर आलेच. बर्मा हा हिंदी भाषक कारागिरांचा शब्द, त्यांच्यात भोक पाडायच्या हत्याराला तो सरसकट वापरतात. त्याचा ब्रह्मदेशाशी संबंध नाही.

आरी चांभाराची. कातड्याला भोक पाडायला. पापाची तिकटीला चपलांच्या गल्लीत दुपारच्या वेळी थांबलात तर तळ्यावर आरीचं टोक टेकवून एका दाबात आरपार नेणारा हात दिसेल. त्या भोकातून कातड्याची वादी ओवतात, कोल्हापुरी चप्पल अशी वादीनंच शिवली जाते. आरी फिरवत नाहीत, ती घुसवतात. त्यामुळं कातडं कापून बाहेर पडत नाही, बाजूला सरकतं आणि वादीला घट्ट धरून ठेवतं. गिरमीट लाकूड काढून टाकतं, आरी कातडं सारते. हा फरक कळला की ‘पाडणं’ आणि ‘टोचणं’ या दोन क्रियापदांमधला फरकही कळतो.

दाभण म्हणजे पोती शिवायची जाड सुई. सुंबा लोहाराचा, तापलेल्या लोखंडात घणाचे घाव घालून भोक पाडायला. टोच्यानं नुसती खूण करतात.

भोक, छिद्र, वेज, नेढं, बीळ, भगदाड… कुठं काय म्हणायचं?

हा माझा आवडता प्रश्न. मराठीत भोक कशाला आहे आणि कुणी केलं यावर शब्द ठरतो.

भोक हा सगळ्यांत मोकळा शब्द. बादलीला, खिशाला, भिंतीला, कशालाही. सुईला मात्र नेढं. डोंगरकड्याला वाऱ्या-पावसानं आरपार भोक पडलं तर तेही नेढंच, राजगडाच्या सुवेळा माचीवरचं किंवा रतनगडाच्या माथ्यावरचं पाहिलं असेल तुम्ही. सह्याद्रीच्या एवढ्या मोठ्या खडकाला सुईच्या भोकाचं नाव देणारा माणूस कोण असेल, याचा विचार मी ट्रेकला गेलो की नेहमी करतो.

उंदराचं, सापाचं ते बीळ. भिंत फोडून केलेलं भगदाड. तटबंदीला पडलेलं खिंडार. बासरीला आणि शास्त्राच्या पुस्तकात छिद्र. त्वचेला रंध्रं. चाळणीला भोकंच.

कानाचं, नाकाचं, मोत्याचं ते वेज. हा शब्द आता फार कमी ऐकू येतो. आमची आजी म्हणायची, ‘वेज बुजलं बाई, काडी घालून ठेव.’ संस्कृतात ‘व्यध्’ हा धातू, म्हणजे क्रियापदाचं मूळ, त्याचा अर्थ टोचणं, भेदणं. त्यापासून वेध आणि वेध्य. ‘ध्य’ प्राकृतात ‘ज्झ’ होतो आणि मराठीत येईपर्यंत ‘ज’. संध्याची सांज झाली त्याच वाटेनं वेध्यचं वेज झालं.

आणि या एका धातूचं घराणं केवढं मोठं आहे! विंधणं त्यातलंच, म्हणून बोअरला सरकारी कागदात विंधन विहीर लिहितात. कान टोचायच्या संस्काराला कर्णवेध. ताऱ्यांवर नेम धरून पाहायचं ते वेध घेणं, तिथून वेधशाळा. ग्रहणाचे वेध, गणपतीचे वेध, लक्ष वेधून घेणं, वेधक बोलणं. नाकातल्या चमकीच्या भोकापासून आकाशातल्या ग्रहापर्यंत एकच धातू पोचला आहे.

‘सोनारानंच कान टोचावेत’ असं का म्हणतात?

कारण त्याचा हात बसलेला असतो. पूर्वी बाळाचे कान टोचायला सोनाराकडंच न्यायचे, आमच्याकडं गुजरीत, म्हणजे कोल्हापूरच्या सराफ बाजारात. सोन्याची बारीक तार टोकदार करून एका झटक्यात पाळीतून काढायची, लगेच तिचंच वळं करायचं. बाळ रडायला तोंड उघडतं तोवर काम झालेलं असतं. सोनारानं कान टोचले की दुखत नाहीत, ही म्हण तिथून आली. कडू गोष्ट ज्याला सांगता येते त्यानंच सांगावी, असा तिचा पुढचा अर्थ.

‘ड्रिल’ कुठून आलं? शाळेतलं ड्रिल आणि मशीनचं ड्रिल एकच का?

एकच. डच भाषेत ‘ड्रिलन’ म्हणजे गोल फिरवणं, फिरवून भोक पाडणं. सतराव्या शतकात इंग्रजीनं तो उचलला. सैनिकांना मैदानात पुन्हा पुन्हा वळवायचं, फिरवायचं, म्हणून त्यालाही तोच शब्द. आपण त्याला कवायत म्हणतो, तो मूळचा अरबी, ‘कवाइद’ म्हणजे नियम.

तिसरं ड्रिल मात्र पाहुणं आहे. खाकी हाफ पँट शिवायचं जाड तिरप्या विणीचं कापड. इचलकरंजीच्या माणसाला हे सांगायला नको. त्या ड्रिलचं मूळ लॅटिन ‘ट्रायलिक्स’, म्हणजे तीन धाग्यांचं, आणि ते जर्मनमधून इंग्रजीत आलं. थोडक्यात, माझ्या वडिलांनी शाळेत ड्रिलची चड्डी घालून ड्रिल केलं आणि पुढं जन्मभर ड्रिलवर काम केलं. त्यातलं पहिलं वेगळं, उरलेली दोन सख्खी भावंडं.

आज जे पिळाचं ड्रिल आपण मशीनच्या पकडीत, म्हणजे चकमध्ये, लावतो, त्याचं पेटंट अमेरिकेत स्टीफन मोर्स यांनी १८६३ साली घेतलं. आमच्या मशीनच्या निमुळत्या बैठकीला, म्हणजे टेपरला, मोर्स टेपर म्हणतात ते त्यांच्याच नावानं. हातात धरायचं विजेचं ड्रिल जर्मनीत फाइन कंपनीनं १८९५ साली केलं. पिस्तुलासारखी मूठ आणि बोटानं दाबायचा खटका त्याला १९१७ च्या अमेरिकन पेटंटपासून आला.

आणि ‘बोअर’?

हा शब्द जुन्या इंग्रजीतला, अर्थ भोक पाडणं. लॅटिनमधलं ‘फोरारे’ त्याचं नातलग, तिकिटांच्या कडेला असतात त्या पर्फोरेशनमध्ये ते लपलेलं आहे.

कोल्हापुरात बोअर तीन ठिकाणी ऐकू येतो. शेतात ‘बोअर मारली’, म्हणजे काळ्या खडकात साडेसहा इंची भोक खोल नेलं. गॅरेजमध्ये इंजिनाचं बोअर, म्हणजे पिस्टन ज्यात वर-खाली होतो ती पोकळी. आणि कॉलेजच्या पोरांचं ‘बोअर झालं’. कंटाळ्याचा हा अर्थ इंग्रजीत अठराव्या शतकात दिसू लागला. स्त्रीलिंग, नपुंसकलिंग, दोन्ही आपण या एका शब्दाला लावतो. शेतकरी ‘ती बोअर’ म्हणतो, कारण विहीर ती. मेकॅनिक ‘ते बोअर’ म्हणतो, कारण भोक ते. व्याकरण न शिकलेल्या माणसाच्या तोंडातही केवढं व्याकरण असतं, त्याचा हा पुरावा आहे.

दगडाच्या खाणीतही आधी भोकं मारतात, मग दारू भरतात. तो सुरुंग. संस्कृतातल्या ‘सुरुङ्गा’चं मूळ ग्रीक ‘सिरिंक्स’ या शब्दात, म्हणजे नळी किंवा बासरी, असं विद्वान मानतात. डॉक्टरांची सिरिंजही त्याच घराण्यातली.

ऑगर म्हणजे मोठं गिरमीटच ना?

काम तेच, आकार मोठा. खांब रोवायला जमिनीत खड्डे पाडायचं मशीन ऑगर याच नावानं मिळतं. याची कथा मात्र सांगायलाच हवी. जुन्या इंग्रजीत त्याचं नाव होतं ‘नाफूगार’. ‘नाफू’ म्हणजे चाकाचा तुंबा आणि ‘गार’ म्हणजे भाला. बैलगाडीच्या चाकात मधोमध जो लाकडी तुंबा असतो, त्यात आस घालायला भोक पाडायचा भाला. पुढं बोलता बोलता इंग्रजांनी ‘अ नॉगर’चं ‘ॲन ऑगर’ केलं आणि सुरुवातीचा ‘न’ मागं राहिला.

हा ‘नाफू’ आणि आपली संस्कृत ‘नाभी’ एकाच मुळाचे. ऋग्वेदातही चाकाच्या मधल्या भागाला नाभीच म्हटलं आहे. गाडीचं चाक करणारा सुतार इथला असो की तिथला, चाकाचं बेंबीशी नातं दोघांनाही दिसलं होतं.

‘डोक्याला गिरमीट लावू नको’ म्हणजे?

एकच गोष्ट पुन्हा पुन्हा विचारून सतावू नको. हत्यार पाहिलेल्या माणसालाच सुचेल असा हा प्रयोग आहे. गिरमीट घाव घालत नाही, हळूहळू, एकाच जागी, न थांबता आत जातं. चिवटपणे मागं लागणाऱ्याला दुसरी कुठली उपमा शोभली असती? आमच्या घरात आई माझ्या भाच्यालाच ‘गिरमीट’ म्हणते.

लिहायचं कसं? गिरमिट की गिरमीट?

मराठी शुद्धलेखनाच्या नियमानं अकारान्त शब्दातला शेवटून दुसरा इकार दीर्घ. म्हणून तिकीट, बिस्कीट, तसंच गिरमीट. विभक्ती लागली की ऱ्हस्व: तिकिटाला, गिरमिटानं, गिरमिटाची. ‘गिरमिट’ असं ऱ्हस्व लिहिलेलं सगळीकडं आढळतं, त्यावर मी भांडत नाही. शब्द नपुंसकलिंगी, ते गिरमीट, अनेकवचन गिरमिटं.

इंग्रजीतून आलेला शब्द ठेवायचाच कशाला? शुद्ध मराठी प्रतिशब्द नाही का वापरता येणार?

‘वेधनी’, ‘छिद्रक’ असे शब्द करता येतील. पण ते हातात धरून कुणी काम केलेलं नाही. गिरमीट हा शब्द ज्यांनी घडवला ते सुतार इंग्रजी शाळेत गेले नव्हते. त्यांनी तो ऐकला, आपल्या जिभेनं तासला आणि वापरला. त्याला परका म्हणणं म्हणजे त्यांच्या कष्टावर पाणी ओतणं आहे.

मला काळजी वाटते ती सामत्याची. सामता, वेज, सुंबा, किंवा सुतारकामातले साल, कुसू, किकरं हे शब्द कुणी ढकलून दिले नाहीत, ती कामंच थांबली. उद्यमनगरात आम्ही दिवसभर ‘होल मार’ म्हणतो. त्यात काही चूक नाही. पण घरात एखादं जुनं हत्यार असेल तर ते मुलाच्या हातात देऊन त्याचं नाव मोठ्यानं सांगा. शब्द पुस्तकात जपला जातो हे खरं, पण त्याचं वजन हातालाच कळतं.

घरात जुनं गिरमीट सापडलं आहे. ते अजून वापरता येईल का?

नक्की येईल. गंज असेल तर रॉकेलमध्ये रात्रभर ठेवा, सकाळी तारेच्या ब्रशनं घासा. टोकाचे आटे शाबूत आहेत का ते बोटानं नव्हे, भिंगानं बघा, कारण त्यांची धार दिसण्यापेक्षा जास्त असते. आटे झिजले असतील तर गिरमीट लाकडाला ओढून धरत नाही, नुसतं जागच्या जागी फिरतं.

आधी फळीवर टोच्यानं खूण करा. टोकाला थोडं मेण किंवा साबण लावा. गिरमीट उभं, फळीशी काटकोनात धरा, पहिले चार वेढे अगदी सावकाश द्या. तिरपं गेलं तर तेव्हाच कळतं, नंतर सरळ करता येत नाही. दर आठ-दहा वेढ्यांनी उलटं फिरवून बाहेर काढा आणि कीस झाडा, नाही तर तो खाचेत अडकून फळी फाटते. फळीच्या कडेजवळ काम असेल तर जास्तच जपा.

आता सगळ्यांत महत्त्वाचं, जे आजोबांनी मला हातावर चापट मारून शिकवलं होतं. आरपार घाई करायची नाही. डावा हात फळीखाली धरा, भोकाच्या जागेपासून जरा बाजूला. फिरवणं थांबवून हलकेच चाचपल्यावर टोकाची नुसती टोचणी बोटाला जाणवली की पुढं जाऊ नका. गिरमीट काढा, फळी उलटी करा आणि त्या टाचणीएवढ्या खुणेवर दुसऱ्या बाजूनं सुरू करा. भाच्यानं दिवाळीत पक्ष्यांच्या घरट्यासाठी असंच भोक पाडलं. पहिल्या फळीला त्यानं माझं ऐकलं नाही, तिची मागची बाजू बोटभर फाटली. दुसऱ्या फळीला ऐकलं, तिच्या दोन्ही कडा स्वच्छ निघाल्या.

काम झालं की खाचेतला कीस काडीनं काढा, मशीनच्या तेलाचा बोळा फिरवा आणि टोक वर करून नव्हे, आडवं ठेवा. पेटीत हात घालणारा नेहमी घाईत असतो.